पोरक्या मुलीची कैफियत आणि दूरचित्रवाणी

पोरक्या मुलीला नायिका करून लिहिलेल्या ज्या कादंबऱ्या गेल्या पावणेदोनशे वर्षांत देशोदेशी वाचल्या गेल्या, त्यांतील बहुतेक सर्व दूरचित्रवाणीवर एकदा नव्हे, अनेकदा येऊन गेल्या आहेत. शार्लट ब्रॉंटेची 'जेन एअर' (१८४७), योहाना श्पीरीची 'हायडी' (१८८०-८१), फ्रान्सिस हॉजसन बर्नेटच्या 'अ लिटल प्रिन्सेस' (१९०५) व 'द सीक्रेट गार्डन' (१९११), ल्यूसी मॉड माँटगोमेरीची 'ॲन ऑफ ग्रीन गेबल्स' (१९०८) ही त्यांतली ठळक नावे होत. या रूपांतरांविषयी जे लिहिले जाते त्यात नटनटींचे रूप, हवेल्या, पोशाख आणि मूळ ग्रंथाशी राखलेले इमान यांचाच ऊहापोह बहुधा असतो. परंतु या कादंबऱ्यांचे मूळ स्वरूप ध्यानात घेतले, म्हणजे ज्या मुलीला पालक नाही, वारसा नाही, जिच्या वतीने दोन शब्द बोलणारे कोणी नाही, अशा लहान पोरीने थोरामोठ्यांच्या दरबारात स्वतःच्या तोंडाने मांडलेली ती कैफियत आहे हे ओळखले, म्हणजे रूपांतराची परीक्षा निराळ्या जागी घ्यावी लागते. पोरीचे दुःख पडद्यावर येतेच, कारण दुःख डोळ्यांना दिसते व ते विकलेही जाते. तिचा राग आणि तिचे तोंड उरले की नाही, हा खरा प्रश्न आहे. परभणी जिल्ह्यातल्या लेखकाने तो विचारावा यात औद्धत्य नाही, कारण मराठीतल्या अशा फिर्यादींपैकी सर्वांत जुनी व सर्वांत तिखट फिर्यादी आमच्या गंगाखेडची आहे. तिच्याकडे यथावकाश येऊच.

'जेन एअर'पासून आरंभ करणे क्रमप्राप्त आहे. ऑक्टोबर १८४७ मध्ये लंडनला ही कादंबरी 'करर बेल' या टोपणनावाने निघाली तेव्हा तिच्या शीर्षकपृष्ठावर 'आत्मचरित्र' असा स्पष्ट उल्लेख होता, आणि ३८ प्रकरणांपैकी पहिली १० गेट्सहेडची हवेली व लोवुडची शाळा यांना दिलेली होती. मामीच्या घरी पुस्तक वाचत बसली म्हणून मामेभावाने मारले, तिने उलट मारले, आणि शिक्षा म्हणून तिला लाल खोलीत कोंडले, येथून ही कैफियत सुरू होते. पुढे तीच मुलगी मामीच्या तोंडावर, तुम्ही माझ्याशी निर्दयपणे वागलात व हे मी सर्वांना सांगेन, असे बजावते, तेव्हा व्हिक्टोरियाकालीन वाचक दचकला होता. लोवुडची शाळा ही कल्पनेची उपज नव्हे. कोवन ब्रिज येथील धर्मोपदेशकांच्या कन्यांसाठी असलेल्या शाळेत शार्लट स्वतः होती आणि तेथून आजारी होऊन परतलेल्या तिच्या मराया व एलिझाबेथ या दोन थोरल्या बहिणी १८२५ साली वारल्या. ग्रंथातल्या हेलन बर्न्सचा, म्हणजे जेनच्या शाळेतल्या मैत्रिणीचा, क्षयाने झालेला मृत्यू त्या दुःखातून आलेला आहे. मात्र शार्लटने हेलनच्या सहनशीलतेपुढे मान तुकवूनही जेनला ती स्वीकारू दिली नाही, हे विसरता कामा नये. आपल्याला कोणी छडी मारली तर ती हिसकावून तिच्याच नाकासमोर मोडू, असे जेन हेलनला सांगते.

आता दूरचित्रवाणीने या दहा प्रकरणांचे काय केले ते पाहावे. बी.बी.सी.ने ही कादंबरी १९५६, १९६३, १९७३, १९८३ आणि २००६ अशी पाच वेळा मालिकेच्या रूपाने सादर केली, शिवाय १९७० व १९९७ मध्ये दूरचित्रवाणीसाठीच केलेले दोन स्वतंत्र चित्रपट निघाले. या सर्वांत माझे मत १९७३ च्या पाच भागांच्या आवृत्तीच्या बाजूने पडते. सॉर्का क्युसॅक हिने रंगविलेली जेन ग्रंथातल्या जेनइतकी रूपाने साधी नाही, परंतु त्या मालिकेने पार्श्वनिवेदनाचा सढळ उपयोग केला आणि कैफियत देणारीचा स्वर श्रोत्याच्या कानातून हलू दिला नाही. पार्श्वनिवेदन म्हणजे पटकथाकाराचा आळस, असा एक संकेत चित्रपटशास्त्रात रूढ आहे. आत्मनिवेदनपर ग्रंथाच्या बाबतीत तो संकेत मोडणे हेच शहाणपण होय. १९८३ ची मालिका अर्ध्या अर्ध्या तासाच्या ११ भागांची, संथ, संवादांच्या बाबतीत ग्रंथाला अक्षरशः चिकटून चाललेली. तिच्यात बालपणाला पुरेसा अवकाश आहे, पण टिमथी डाल्टनच्या रॉचेस्टरने, म्हणजे जेनच्या धन्याने व प्रियकराने, प्रेक्षकांवर अशी मोहिनी घातली की नाव जेनचे आणि कथा धन्याची, असा प्रकार झाला. २००६ ची, सुझॅना व्हाइट दिग्दर्शित चार भागांची मालिका रूथ विल्सनच्या अभिनयामुळे आजच्या पिढीला सर्वाधिक प्रिय आहे आणि ती प्रियता अनाठायी नाही. तथापि तिच्यात बालपण पहिल्या भागाच्या आरंभी घाईने उरकलेले आहे, जणू काही ते प्रेमकथेच्या दारातले जोडे काढून ठेवण्याचे ठिकाण! १९९७ च्या चित्रपटाविषयी तर बोलायलाच नको. दोन तासांच्या आत सर्व काही बसवायचे म्हटल्यावर कात्री प्रथम पोरीवर चालते, प्रियकरावर नाही.

आणखी एक भाग असा आहे की ज्याची रूपांतरांत सदैव हेळसांड होते, पण जो आपल्यासाठी विशेष कुतूहलाचा आहे. रॉचेस्टरला सोडून गेल्यावर सेंट जॉन रिव्हर्स नावाचा धर्मोपदेशक जेनला पत्नी करून हिंदुस्थानात मिशनरी कार्यास नेऊ पाहतो, आणि त्यासाठी ती जर्मन भाषेचा अभ्यास सोडून हिंदुस्थानी शिकू लागते. १८४७ साली आमचा मुलूख निजामाच्या अमलाखाली होता, तेव्हा ती खरोखर इकडे येती तर तालुक्याच्या कचेरीत ही विद्या तिच्या कामी आली असती! विनोद सोडला तरी या भागाला महत्त्व आहे, कारण आपले आयुष्य दुसऱ्याच्या धर्मकार्याला दान करण्यास ती येथे स्पष्ट नकार देते. आणि मदिरा बेटावरील चुलत्याकडून आलेले २०,००० पौंड तीन आतेभावंडांसह चौघांत सारखे वाटते. पोरकी मुलगी येथे प्रथमच वारसदार होते व प्रथमच देणारी होते. पडद्यावर हा व्यवहार बहुधा एखाद्या मिनिटात उरकला जातो, कारण प्रेक्षक रॉचेस्टरकडे परत जाण्यास उतावीळ झालेला असतो, किंवा तो तसा आहे अशी निर्मात्यांची समजूत असते.

हिंदी चित्रपटाने ही कथा १९५२ साली 'संगदिल' या नावाने घेतली. आर. सी. तलवार यांचे दिग्दर्शन, दिलीपकुमार आणि मधुबाला यांच्या भूमिका, सज्जाद हुसेन यांचे संगीत. संगीतासाठी तो चित्रपट आजही आठवला जातो आणि तेवढ्यासाठी आठवावा हेही योग्य. परंतु त्यात नायक-नायिका बालपणीचे सोबती झाले आणि नायिका पुढे पुजारीण झाली. म्हणजे धनी व चाकर यांच्यामधल्या ज्या अंतराने मूळ ग्रंथ पेटतो ते अंतर बालपणीच्या सख्यात विरून गेले, आणि जेनचा जो स्वाभिमान होता त्याचे रूपांतर भक्तीच्या सात्त्विकतेत झाले. आमच्याकडे पोरक्या मुलीला पडद्यावर आणताना तिला प्रथम पवित्र करून घेण्याची ही जी रीत आहे तिच्याकडे पुन्हा वळावे लागणार आहे.

माँटगोमेरीची ॲन ही जेनप्रमाणे आपली कथा आपण सांगत नाही. पण ती इतकी अखंड बोलते की निवेदकाला तिच्या मागून धावावे लागते. प्रिन्स एडवर्ड बेटावरच्या कथबर्ट भावंडांना शेतीच्या कामासाठी मुलगा हवा होता, आली मुलगी. आणि या चुकीतून निर्माण झालेली तिची अवांछितता तिने बोलून बोलून जिंकली. केसांना 'गाजर' म्हटले म्हणून तिने वर्गातल्या गिल्बर्टच्या डोक्यावर पाटी फोडली हे सर्वविश्रुत आहे. १९८५ मध्ये केव्हिन सलिव्हनने कॅनडाच्या दूरचित्रवाणीसाठी केलेली मालिका, मेगन फॉलोज ॲनच्या आणि कोलीन ड्यूहर्स्ट कथबर्ट भावंडांपैकी मरीलाच्या भूमिकेत, ही बहुतेकांच्या मते अजोड आहे. तिच्याहूनही मला अधिक मोलाची वाटते ती १९७९ ची जपानी मालिका. इसाओ ताकाहाता याने सबंध वर्षभर आठवड्याला एक याप्रमाणे ५० भागांत ही कादंबरी चित्रांकित केली. त्याच्या आधी १९७४ मध्ये 'हायडी' त्याने ५२ भागांत केली होती. आठवड्यामागून आठवडा एका पोरीच्या दिनचर्येत काहीही विशेष न घडू देण्याचे जे धैर्य त्या मालिकांत आहे, स्वयंपाक, शाळेची वाट, ऋतू, रुसवे यांना जो वेळ दिलेला आहे, तो इंग्रजी मालिकांना परवडला नाही. 'हायडी'त तर राग असा नाहीच. फ्रँकफुर्टच्या श्रीमंत घरात तिचा डोंगर हिरावला गेल्यावर ती तक्रार करीत नाही, रात्री झोपेत चालू लागते. जे तोंड बोलत नाही त्याची फिर्याद पाय देतात. अशा प्रसंगाचे वजन प्रेक्षकाला कळायचे तर त्या मुलीबरोबर त्याने पुष्कळ दिवस काढलेले असावे लागतात, आणि हे दिवस मालिकाच देऊ शकते, चित्रपट देऊ शकत नाही.

२०१७ ते २०१९ या काळातली 'ॲन विथ ॲन ई' ही मालिका अलीकडच्या तरुण वर्गात अतिशय लोकप्रिय झाली. एमीबेथ मॅकनल्टीची ॲन उत्कटतेत कुठे उणी नाही आणि कॅनडातील मूळ रहिवाशांच्या मुलांना सक्तीने वसतिशाळांत घालण्याचा जो काळाकुट्ट इतिहास आहे त्याचा समावेश करण्याचे धाडसही त्या मालिकेने केले. परंतु अनाथालयात व पूर्वीच्या घरांत झालेला छळ वारंवार स्मृतिदृश्यांतून दाखविण्याची जी पद्धत तिने पत्करली तिने ग्रंथातले एक अत्यंत नाजूक स्थळ गमावले. पूर्वीच्या घरांतल्या बायका तुझ्याशी चांगल्या वागल्या का, असे मरीला विचारते तेव्हा मूळची ॲन अडखळते आणि चांगले वागावे असा त्यांचा मनोदय होता, एवढेच म्हणते. बाकीचे मरीला ओळखते. दहा मिनिटांच्या छळदृश्यात जे सांगता येत नाही ते या अडखळण्यात आहे. पोरक्या मुलीचा संकोच हाही तिच्या अधिकाराचा भाग आहे. पडद्याने तिच्यापेक्षा जास्त बोलू नये.

बर्नेटबाईंच्या दोन्ही नायिका हिंदुस्थानातून आलेल्या आहेत. 'लिटल प्रिन्सेस'मधली सारा क्रू बापाच्या मृत्यूनंतर शाळेच्या माळ्यावर मोलकरीण होते; १९८५ च्या जपानी चित्रमालिकेत तिच्या हालांना ४६ भाग मिळाले आणि १९८६ च्या इंग्रजी मालिकेत मॉरीन लिपमनने शाळाचालिकेची भूमिका जहाल वठविली. 'सीक्रेट गार्डन'मधली मेरी लेनक्स मला अधिक विचारात पाडते. ती चिडकी, पिवळी, हट्टी, कोणालाही न आवडणारी मुलगी आहे आणि लेखिकेने तिला तशी ठेवण्याचे धैर्य दाखविले आहे. हिंदुस्थानातल्या बंगल्यात पटकीच्या साथीत तिचे आईबाप एका रात्रीत जातात आणि ती एकटी उरते, असा आरंभ. १९७५ ची बी.बी.सी.ची सात भागांची मालिका कादंबरीशी पुष्कळ इमानी आहे. पुढे १९९३ च्या ॲग्निएश्का हॉलंड यांच्या चित्रपटात पटकीच्या जागी भूकंप आला. पटकी डोळ्यांना दिसत नाही, भूकंप दिसतो, हे कारण उघड आहे. पण तो चित्रपट पडद्यावर आला त्याच वर्षी, ३० सप्टेंबर १९९३ रोजी पहाटे किल्लारीला खराखुरा भूकंप झाला, सुमारे १०,००० माणसे गेली, आणि पोरक्या झालेल्या मराठवाड्यातल्या मुलांपैकी १,२०० मुलांना भारतीय जैन संघटनेने शिक्षणासाठी पुण्याला नेले. ज्यांनी त्या दिवसांत औसा-उमरग्याकडचे रस्ते पाहिले त्यांना चित्रपटातला भूकंप फार स्वच्छ वाटतो. ग्रंथाच्या बाबतीतही एक प्रश्न राहतोच. मेरीची आया त्याच साथीत मेली. तिची मुले असतील तर तीही त्या रात्री पोरकी झाली, परंतु त्यांच्यासाठी यॉर्कशायरमध्ये कोणी आतोबा नव्हता, बागही नव्हती. एकाही रूपांतराला त्या आयेच्या दाराशी क्षणभर थांबावेसे वाटले नाही.

आता मराठीकडे. मुलीने स्वतःच्या तोंडाने आपले आयुष्य सांगावे हा प्रकार मराठी कादंबरीला परका नाही. हरि नारायण आपट्यांची 'पण लक्षात कोण घेतो' १८९० पासून 'करमणूक'मधून क्रमशः येऊ लागली. तिच्यातली यमू आईवेगळी होते, मग नवऱ्यावेगळी, आणि सर्व काही आपल्या वाणीने सांगते. कादंबरीबाहेर पाहिले तर रमाबाई रानडे यांच्या 'आमच्या आयुष्यांतील कांहीं आठवणी' आणि लक्ष्मीबाई टिळकांची 'स्मृतिचित्रे' ही दोन स्त्रीलिखित आत्मकथने पडद्यावर आली: पहिलीवर आधारलेली 'उंच माझा झोका' ही दैनंदिन मालिका २०१२ मध्ये सुरू झाली, दुसरी विजया मेहतांनी दूरदर्शनसाठी केली व लक्ष्मीबाईंची भूमिका सुहास जोशींनी केली. रमाबाई रानडे काही पोरक्या नव्हत्या, तरी अकराव्या वर्षी माहेर तुटून परक्या घरात आलेल्या मुलीचे एकाकीपण पोरकेपणाहून फार दूर नसते. आणि त्या मालिकेत तेजश्री वालावलकरने केलेल्या बालरमेवर प्रेक्षकांनी जे प्रेम केले ते पाहता, बालपणाला वेळ दिला तर मराठी प्रेक्षक कंटाळतो ही निर्मात्यांची भीती निराधार ठरते. ज्या दैनंदिन मालिकेला आपण नावे ठेवतो तिच्यापाशी ब्रिटिशांच्या चार-पाच भागांच्या आवृत्त्यांना दुर्मिळ असलेले धन आहे, ते म्हणजे वेळ. दुर्दैव असे की हा वेळ बहुधा छळात खर्च होतो. सासू, सावत्र आई, काकू यांचे कपट रोज वाढते आणि मुलगी रोज सोसते; तिने छडी हिसकावून मोडण्याचा प्रसंग महिनोन् महिने पुढे ढकलला जातो, कारण ती मोडली तर उद्याचा भाग कशावर काढायचा?

आणि म्हणून जनाबाई. गोदावरीकाठच्या गंगाखेडला दमा आणि करुंड या शूद्र मानल्या गेलेल्या दांपत्याच्या पोटी ती जन्मली, आई लवकर गेली, आणि बापाने तिला पंढरपुरास नेऊन दामाशेटी शिंप्याच्या घरी ठेवले, अशी परंपरा आहे. दामाशेटींचा मुलगा नामदेव, त्याचे मूळ गाव नरसी, जे १ मे १९९९ रोजी हिंगोली जिल्हा वेगळा होईपर्यंत परभणी जिल्ह्यातच होते. नामदेवाच्या गाथेत तिच्या नावावर साडेतीनशेच्या आसपास अभंग आहेत आणि त्यांत स्वतःला ती नामयाची दासी म्हणविते. दळणे, कांडणे, शेणी वेचणे, धुणे या कामांची इतकी तपशीलवार नोंद मराठीत त्यापूर्वी कोणी केलेली नाही. पण तिच्या अभंगांचा दुसरा एक वर्ग आहे, ज्याच्याकडे कीर्तनकारही जपून जातात. आई गेली, बाप गेला, आता मला तू सांभाळ, असा सरळ दावा ती विठ्ठलावर लावते; आणि तो सांभाळीत नाही असे दिसताच त्याला एकेरीत, चारचौघांत, घरच्या गड्याला द्याव्यात तशा शिव्या देते. पदर खांद्यावर टाकून भर बाजारात जाण्याची भाषाही तिचीच. जेनने मामीला जे ऐकविले ते जनाबाईने पाचशे वर्षांहून अधिक काळ आधी थेट देवाला ऐकविले.

महिपतीच्या 'भक्तविजया'ने (१७६२) तिची कथा घडविली ती मात्र चमत्कारांच्या अंगाने: देव तिच्याबरोबर दळतो, देवाचे पदक तिच्या वाकळेत सापडते, चोरीच्या आळाने तिला सुळावर देण्याचा हुकूम होतो आणि सुळाचे पाणी होते. या आळाच्या प्रसंगात पोरक्या मोलकरणीवर चोरीचा संशय सर्वांआधी का येतो हा सामाजिक प्रश्न दडलेला आहे. चमत्काराच्या झगमगाटात तो दिसत नाही. १९४९ साली गोविंद घाणेकर यांचा 'संत जनाबाई' हा बोलपट आला, संगीत सुधीर फडके यांचे, जना झाल्या हंसा वाडकर. सप्टेंबर १९४८ च्या पोलीस कारवाईने हैदराबाद संस्थान नुकतेच मुक्त झालेले होते आणि परभणी जिल्हा नव्या अमलाशी जुळवून घेत होता. अशा वेळी या जिल्ह्याची लेक पुण्या-मुंबईच्या पडद्यावर उभी राहिली. हंसाबाईंनी त्याआधी १९४१ साली 'संत सखू' आणि १९४७ साली 'लोकशाहीर रामजोशी'तली तमासगीर बया केली होती, म्हणजे सोशिक सून, फडावरची बाई आणि देवाची दासी या तिन्ही भूमिका एकाच अभिनेत्रीच्या वाट्याला आल्या. पुढे त्यांनी 'सांगत्ये ऐका' हे आत्मकथन दिले, ज्यावरून श्याम बेनेगलांनी १९७७ मध्ये 'भूमिका' केला. पडद्यावर जनाबाई झालेल्या बाईने आपली स्वतःची कैफियत कागदावर द्यावी आणि तीत कोणाचीही भीड धरू नये, हा योगायोग असला तरी फार बोलका आहे. जनाबाईच्या वाणीचा वारसा मला त्या पुस्तकात दिसतो; संतपटांच्या ओव्यांत तितका दिसत नाही.

अलीकडे वारकरी संतांवरच्या मालिकांना बरे दिवस आले आहेत. सोनी मराठीवरच्या 'ज्ञानेश्वर माउली'ने आळंदीच्या चार पोरक्या भावंडांची, म्हणजे मुक्ताबाईचीही, कथा २०२१ पासून घरोघर नेली. तेव्हा जनाबाईवर स्वतंत्र आणि दीर्घ मालिका होणे अशक्य नाही, आणि ती झालीच तर वर सांगितलेल्या सर्व पूर्वपीठिकेचा उपयोग करून घ्यावा. १९७३ च्या 'जेन एअर'पासून पार्श्वनिवेदन घ्यावे, पण ते अभंगांचेच असावे व त्यांत शिव्यांचे अभंग गाळू नयेत. ताकाहातापासून दिवस संथ जाऊ देण्याची हिंमत घ्यावी, कारण जात्यावरची पहाट एका दृश्यात कळत नाही, ती पन्नास वेळा यावी लागते. चमत्कार ठेवायचे तर ठेवावेत, परंतु पदकाच्या प्रसंगात चौकशी कोणी केली, साक्ष कोणाची घेतली आणि दासीला जबाब देऊ दिला की नाही, हे दाखविल्यावाचून सुळाचे पाणी करू नये. मालिकेची सुरुवात पंढरपुरापासून न करता गंगाखेडपासून करावी, आईच्या मरणापासून आणि बापाने पोरीला दुसऱ्याच्या दारात सोडून येण्याच्या निर्णयापासून. दमाने तसे का केले असेल, याचा विचार आजवर कोणी पडद्यावर केला नाही आणि तो करण्यासाठी दुष्काळ, कुणबीक, कर्ज यांचा मराठवाड्याला असलेला अनुभव पुरेसा आहे.

भाषेचा मुद्दा राहतो. मराठवाड्याची बोली मालिकांत येते ती बहुधा गड्याच्या किंवा विनोदी पाहुण्याच्या तोंडी, आणि 'जायलो, यायली' म्हटले की प्रेक्षकाने हसावे अशी त्यामागची अपेक्षा असते. सातशे वर्षांपूर्वी गंगाखेडला नेमके कसे बोलत हे सांगता येणार नाही, म्हणून कोणी पोथीतली ओवीबद्ध मराठी वापरील आणि कोणी सदाशिव पेठेतली. दोन्ही तितक्याच कृत्रिम. त्यापेक्षा पहिल्या भागांत तरी दमाने पोरीशी आजच्या गंगाखेडच्या बोलीत बोलावे आणि पोरीने त्याच बोलीत उलट उत्तर द्यावे. पंढरपुरी दामाशेटींच्या घरात गेल्यावर तिची बोली बदलते की नाही, आणि विठ्ठलाला शिव्या देताना ती कोणत्या बोलीत देते, हे मग पटकथाकाराने ठरवावे.